युद्धकाळातील पोटनिवडणूक

नागरिकशास्त्राच्या पुस्तकात पोटनिवडणुकीच्या वाट्याला जेमतेम दोन ओळी येतात. सभासदाच्या निधनाने वा राजीनाम्याने जागा रिकामी झाली की तेवढ्याच मतदारसंघात पुन्हा मतदान घ्यावयाचे. परंतु देश संकटात असता जागा रिकामी झाली, तर पक्षांनी एकमेकांशी झुंजावे काय?

२० ऑक्टोबर १९६२ रोजी चीनचे आक्रमण झाले, २६ ला आणीबाणी पुकारली गेली. संरक्षणमंत्री कृष्ण मेनन यांना पद सोडावे लागले आणि पंडित नेहरूंनी महाराष्ट्राचे मुख्यमंत्री यशवंतराव चव्हाण यांना दिल्लीस बोलाविले. पुढे १९६३ साली नाशिकच्या पोटनिवडणुकीत चव्हाण लोकसभेवर बिनविरोध निवडून आले. लढाई तेव्हा थांबली होती, आणीबाणी मात्र उठली नव्हती. वर्गात हे सांगताच एका मुलाने विचारले, "म्हणजे नाशिककरांनी मत दिलेच नाही?" नाहीच दिले. अर्ज मागे घेण्याची मुदत टळल्यावर एकच उमेदवार उरला, तर निवडणूक अधिकारी त्यालाच निर्वाचित म्हणून घोषित करतो; मतपेट्या बाहेर निघतच नाहीत. प्रश्न लहान खरा, पण आम्हांला तो बरेच दिवस पुरला.

त्याचे उत्तर शोधताना पहिल्या महायुद्धातील इंग्लंडकडे पाहावे लागते. १९१४ च्या ऑगस्टमध्ये तेथील तिन्ही प्रमुख पक्षांनी समझोता केला की, ज्या पक्षाची जागा रिकामी होईल त्याच्याच माणसास ती बिनविरोध मिळावी. सप्टेंबर १९१५ मध्ये मजूर पक्षाचे केर हार्डी वारले. ते वेल्समधील मर्थर टिडफिल या खाणकामगारांच्या गावचे प्रतिनिधी. १९०७ साली हिंदुस्थानात येऊन गेलेले आणि युद्धाचे उघड विरोधक. मजूर पक्षाने खाणकामगारांचे पुढारी जेम्स विन्स्टन यांना उभे केले. समझोत्याप्रमाणे गोष्ट येथेच संपावयाची. परंतु चार्ल्स स्टॅन्टन हा दुसरा कामगार पुढारी युद्धाच्या बाजूने अपक्ष उभा राहिला. २५ नोव्हेंबरला मतदान झाले : स्टॅन्टन १०,२८६, विन्स्टन ६,०८०. ज्या गावाने युद्धविरोधी हार्डींना वर्षानुवर्षे निवडून दिले, त्यानेच युद्धाच्या पुरस्कर्त्याला कौल दिला! मतदान झाले नसते तर हे कोणास कळले असते? (स्त्रियांना मात्र तेथे तेव्हा मताधिकार नव्हता.)

चव्हाणांच्या निवडीस आम्ही दोष देत नाही. संरक्षणमंत्र्याला त्या दिवसांत प्रचारासाठी गावोगाव हिंडविणे कोणासच रुचले नसते, आणि विरोधी पक्षांचा संयम प्रशंसनीयच होता. तरीही नाशिकच्या जनतेचे मन काय होते याचा आकडा इतिहासात नाही, एवढे मान्य करावे लागते.

आम्हां गोमंतकीयांना हा आकडा मोलाचा वाटतो. सालाझारच्या राजवटीत मतदानाचा देखावा होई, पण निवड अशी नव्हती. मताधिकारही मोजक्यांनाच होता. त्याच आणीबाणीत, ९ डिसेंबर १९६३ रोजी, येथे प्रौढ मताधिकाराने पहिली निवडणूक झाली : विधानसभेच्या ३० जागा आणि लोकसभेच्या दोन. पेडणे आणि डिचोली या नव्या काबिजादीच्या तालुक्यांत ज्यांना अक्षरओळख नव्हती, त्यांनीही चिन्ह ओळखून शिक्का मारला. कुळाचे मत आणि भाटकाराचे मत त्या दिवशी एकाच पेटीत पडले.