मुंबईच्या रेडिओवर गावाचं गाणं

आखाजी आली की आपल्या खान्देशात निंबाच्या झाडाला झोका बांधतात. माहेरी आलेल्या लेकी झोक्यावर बसतात आणि गाणी म्हणतात. श्रावणात कानबाई बसते. ती रात्र बायाबापड्या गाण्यांनी जागवतात. ही गाणी कुणी पुस्तकात पाहून म्हणत नाही. ती आजीकडून आईकडे आली, आईकडून लेकीकडे आली.

पूर्वी असं गाणं शिवेच्या आतच राहत होतं. फार तर लेकीबरोबर सासरच्या गावी जात होतं. मग गावाकडचं गाणं मुंबईसारख्या मोठ्या शहराच्या रेडिओवर कसं पोचलं? तिथून ते पुन्हा खेड्यात कसं आलं? ती हकीकत आज आपण वाचू.

कंपनी बुडाली

मुंबईचे रेडिओ केंद्र २३ जुलै १९२७ रोजी सुरू झाले. ते सरकारचे नव्हते, बरं का. इंडियन ब्रॉडकास्टिंग कंपनी या नावाच्या एका कंपनीने ते काढले होते. व्हाइसरॉय लॉर्ड आयर्विन यांच्या हातून त्याचे उद्घाटन झाले.

यंत्र लहान होते, दीड किलोवॅटचे. त्याचा आवाज सुमारे ४८ किलोमीटरपर्यंत नीट ऐकू येई. मुंबईहून जळगाव सुमारे ४०० किलोमीटर. मग इकडे काय ऐकू येणार?

रेडिओ घरात ठेवायचा तर सरकारी परवाना लागे. त्याला वर्षाला १० रुपये पडत. त्या काळी १० रुपये म्हणजे मोठी रक्कम. यंत्राची किंमत वेगळीच. गरीब माणूस रेडिओ कुठून घेणार? १९२७ साल संपले तेव्हा सगळ्या देशात परवाने घेतलेले लोक चार हजारही नव्हते. ते बहुतेक शहरातले, खाऊनपिऊन सुखी.

दुकानदार गिऱ्हाईक पाहून माल ठेवतो. रेडिओचेही तसेच झाले. ऐकणारे शहरातले, म्हणून गाणीही शहराच्या आवडीची. गावच्या गाण्याला तिथे जागा कुठली?

पण थोड्या गिऱ्हाइकांवर दुकान चालत नाही. १९३० च्या मार्चमध्ये कंपनी बुडाली. एप्रिलमध्ये सरकारने कारभार हाती घेतला. १९३६ मध्ये ऑल इंडिया रेडिओ हे नाव पडले. त्यालाच आपण आकाशवाणी म्हणतो.

आवाज येतो कसा?

गाणारा माणूस ध्वनिक्षेपकापुढे गातो. ध्वनिक्षेपक म्हणजे सभेत बोलताना पुढे धरतात तो माइक. तो आवाजाची वीज करतो. ती वीज मोठ्या यंत्रात जाते. तिथून उंच मनोऱ्यावरून तिच्या लहरी चोहीकडे पसरतात. लहरी डोळ्यांना दिसत नाहीत. आपल्या घरचा रेडिओ त्या लहरी पकडतो आणि त्यांचा पुन्हा आवाज करतो.

यात एक गंमत आहे. यातल्या काही लहरींना मध्यम लहरी म्हणतात. त्या दिवसा जवळच विरतात, पण रात्री आभाळातल्या वरच्या थरावरून उलटून लांब जाऊन पोचतात. म्हणून दिवसा न लागणारे लांबचे केंद्र रात्री लागते.

गाव मुंबईतच होते

मुंबई काही नुसत्या शेटजींची नव्हती. तिथल्या कापडाच्या गिरण्यांत खेड्यापाड्यांतून आलेली माणसे राबत होती. कोकणातली होती, घाटावरची होती. त्यांनी वळकटीबरोबर आपली गाणीही नेली होती. चाळीत भजन होई. रस्त्यावर शाहिराचा डफ वाजे.

ही माणसेही रेडिओ ऐकू लागली. त्यांच्यासाठी मुंबई केंद्रावर 'कामगार सभा' हा कार्यक्रम होऊ लागला. बायकांसाठी 'वनिता मंडळ' होई. लोकगीते, भारुडे, पोवाडे रेडिओवर ऐकू येऊ लागले. विठ्ठल उमप हे लोकगायक मुंबईच्या नायगावात जन्मले. त्यांचा आवाज मुंबई आकाशवाणीवरून घरोघरी पोचला. गिऱ्हाईक बदलले, तसा दुकानातला माल बदलला!

रेडिओ चावडीवर आला

१९४७ मध्ये स्वराज्य आले. तेव्हा आकाशवाणीची केंद्रे साऱ्या देशात अवघी सहा होती. आजच्या महाराष्ट्रात तर एकटे मुंबईचेच. १९४८ मध्ये नागपूरला केंद्र निघाले. १९५३ मध्ये पुण्याला निघाले.

१९५६ मध्ये पुणे केंद्राने एक नवा प्रयोग केला. पाच जिल्ह्यांतली १५० गावे निवडली. त्यांत आपल्या शेजारचा नाशिक जिल्हाही होता. गावकरी आठवड्यातून दोनदा रेडिओभोवती बसत. अर्धा तास शेतीची आणि गावाची माहिती ऐकत. मग आपसात चर्चा करत. आपल्या शंका केंद्राला लिहून कळवत. केंद्र त्यांना उत्तर देई. म्हणजे काय झाले? आजवर शहर बोलत होते आणि गाव ऐकत होते. आता गावही बोलू लागले.

आपले केंद्र

१९७६ मध्ये जळगावला आकाशवाणीचे केंद्र सुरू झाले. पुढे धुळ्यालाही झाले. खान्देशच्या गायकाला आता मुंबईची गाडी पकडण्याचे कारण उरले नाही. आपली बोली, आपल्या पिकांची नावे, आपल्या सणांची गाणी आपल्याच केंद्रावरून सांगता-गाता येऊ लागली. मुंबईला एकदा गावाचे गाणे पटले, म्हणून पुढची वाट सोपी झाली.

रेडिओने दिले, रेडिओने घेतले

रेडिओने गाण्याला लांबचा पल्ला दिला. हे त्याचे उपकार. पण खरे तेही सांगितले पाहिजे. कानबाईची गाणी रात्रभर चालतात. रेडिओवर घड्याळ लावून दहा-पंधरा मिनिटे मिळतात. झोक्यावर सगळ्या जणी गातात. रेडिओवर एक गाते आणि बाकीच्या घरी बसून ऐकतात. ऐकता ऐकता गाण्याची सवय मोडते. आणि हवेतून आलेला आवाज हवेतच विरून जातो.

मग गाणे टिकावे कसे? याचे उत्तर आपल्याच मातीत आहे.

जळगावजवळ असोदे गाव आहे. तिथे १८८० मध्ये बहिणाबाई जन्मल्या. लग्न होऊन त्या जळगावच्या चौधरी घरात आल्या. त्यांना लिहिता-वाचता येत नव्हते. शेतात राबताना, जात्यावर दळताना त्या आपल्याच शब्दांत गाणी रचत. त्यांचा मुलगा सोपानदेव शिकलेला होता, कवी होता. त्याने आणि घरातल्या आणखी एकाने त्यातली काही गाणी कागदावर उतरवून घेतली.

१९५१ मध्ये बहिणाबाई वारल्या. सोपानदेवांनी ती गाणी आचार्य अत्रे यांना दाखवली. अत्रे वाचून थक्क झाले. १९५२ मध्ये पुस्तक निघाले. १९६१ मध्ये 'मानिनी' या सिनेमात त्यातली गाणी आली. मग रेडिओ ती महाराष्ट्रभर वाजवू लागला. आज जळगावच्या विद्यापीठाला बहिणाबाईंचे नाव आहे.

विचार करा. घरात लिहिणारे कुणी नसते तर? ही गाणी त्यांच्याबरोबरच गेली असती. जी कुणी लिहून घेतली नाहीत, ती गेलीच.

वाचकहो, तुम्ही आता लिहू लागला आहात. अक्षर वेडेवाकडे असेल, असू द्या. तुमच्या घरात म्हातारी आई असेल, आजी असेल, शेजारी एखादी मावशी असेल. तिला एक गाणे म्हणायला सांगा. तिच्या बोलीत, तिच्या शब्दांत जसेच्या तसे लिहून घ्या. शब्द सुधारू नका. खाली तिचे नाव लिहा, गावाचे नाव लिहा. शहराच्या रेडिओने गावच्या गाण्याची दखल घ्यायला पुष्कळ वर्षे लावली. आपण आपल्या घरी आजच घेऊ या.

सांगा पाहू

१. मुंबईची रेडिओ कंपनी का बुडाली?
२. रात्री लांबचे केंद्र का लागते?
३. बहिणाबाईंची गाणी कशी टिकली?
४. तुमच्या घरातले कोणते गाणे अजून कुणीच लिहिलेले नाही?