किल्ली द्यावी की राखावी? सकळ लिपी आणि सार्वजनिक किल्ली

महानुभाव वाङ्मयाच्या अभ्यासात सकळ लिपीचा उल्लेख आपण वाचला असेल. परभणी जिल्ह्यातील बोरी हे ‘शिशुपाळवध’कर्त्या भास्करभट्ट बोरीकराचे गाव, असे अभ्यासक मानतात. त्याच्या पंथाने पुढे आपले ग्रंथ सांकेतिक लिप्यांत जतन केले. त्यांपैकी सकळ लिपीचे कर्तृत्व परंपरा रवळोबासांकडे देते. तत्त्व साधे होते : एका अक्षराऐवजी ठरलेले दुसरे अक्षर किंवा चिन्ह लिहायचे. ‘ब’च्या जागी ‘र’ आणि ‘र’च्या जागी ‘ब’ असे ठरले, तर ‘बोरी’चे ‘रोबी’ होईल. (हे उदाहरण आपल्या सोयीचे, मूळ लिपीतील नव्हे.)

येथे ज्या कोष्टकाने लिहायचे, त्याच कोष्टकाने वाचायचे. कुलूप लावणारी आणि उघडणारी किल्ली एकच. म्हणून ती गुरूकडून शिष्याकडे जाई, पंथाबाहेर नाही. १९१० च्या सुमारास वि. का. राजवाडे यांनी या लिपीचा उलगडा केला आणि ‘लीळाचरित्रा’सारख्या ग्रंथांची वाट अभ्यासकांना मोकळी झाली. तोवरच्या वाङ्मयेतिहासांत मराठी गद्याचा हा आरंभ जवळजवळ नव्हताच. मराठीचा लाभ मोठा झाला. पण कोष्टक बाहेर पडताच लिपीचे गुपितही संपले. एका किल्लीच्या पद्धतीत याहून वेगळे काही होऊ शकत नाही.

१९७६ मध्ये डिफी आणि हेल्मन या संशोधकांनी वेगळा विचार मांडला : किल्ल्या दोन असाव्यात. सार्वजनिक किल्लीने मजकूर केवळ बंद करता येतो. उघडते ती खाजगी किल्ली. पहिलीवरून दुसरी शोधून काढणे व्यवहारात अशक्य असते. त्यामुळे पहिली कोणालाही द्यावी. गुपित उघडे पडत नाही.

समजा, आपण गंगाखेड परिसरात जात्यावरच्या ओव्या गोळा करीत आहात. एका आजींनी सासरचे दुःख सांगितले आणि वर बजावले, “माझं नाव कुठं येऊ देऊ नको, बाई.” ही मुलाखत परभणीतील मार्गदर्शकांना ई-मेलने पाठवायची आहे. त्यासाठी किल्ली लागेल ती मार्गदर्शकांची, आपली नव्हे. येथे नवशिक्यांची हमखास गफलत होते. मार्गदर्शकांनी क्लिओपात्रासारख्या प्रणालीत आपले नाव निवडून ‘एक्सपोर्ट’ करावे, म्हणजे सार्वजनिक किल्लीची प्रत फाइलच्या रूपाने बाहेर निघते. ती सहसा साध्या मजकुराची असते. पाठवण्यापूर्वी तिची पहिली ओळ अवश्य वाचावी. तेथे ‘पब्लिक’ हा शब्द हवा. ‘प्रायव्हेट’ दिसला तर थांबावे, कारण ती किल्ली कोणालाही द्यायची नसते. आपण मिळालेली फाइल ‘इम्पोर्ट’ करून मुलाखत त्या किल्लीने बंद करावी. ई-मेलचा विषय मात्र बहुधा उघडाच राहतो, तेव्हा आजींचे नाव तेथे लिहू नये.

एक अडचण उरते. किल्ली उघडपणे येते, म्हणूनच मार्गदर्शकांच्या नावाने दुसरेच कोणी आपली किल्ली पाठवू शकते. मग मुलाखत उघडेल ती त्या परक्याकडे. यासाठी प्रत्येक किल्लीला ‘फिंगरप्रिंट’, म्हणजे ठसा, असतो. प्रचलित प्रकारात तो ४० अंक-अक्षरांचा असतो. ज्या ई-मेलने किल्ली आली, त्याच ई-मेलने ठसा विचारणे व्यर्थ आहे. मार्गदर्शकांना ओळखीच्या क्रमांकावर दूरध्वनी करावा, त्यांनी ठसा वाचावा आणि आपण पडद्यावर पडताळावा. काम कंटाळवाणे आहे. पण शेवटची चार अक्षरे जुळली म्हणून बाकीची सोडून देऊ नयेत.

स्वाध्याय : सकळ लिपीची किल्ली गुरूकडून शिष्याला मिळत असताना ‘ही किल्ली नेमकी कोणाची?’ हा प्रश्न का उद्भवत नव्हता, ते सुमारे १०० शब्दांत लिहा.