घटक ४ : चरित्रलेखनातील शब्द आणि साधने – रॉबर्ट पूअर यांचे उदाहरण

४.१ उद्दिष्टे

या घटकाच्या अभ्यासानंतर आपल्याला –
• चरित्रनायकाला लावलेल्या विशेषणाचा त्याच्या काळातील अर्थ शोधता येईल;
• आकडेवारी, शासकीय पद आणि दैनंदिनी या साधनांमधील भेद सांगता येईल;
• एका झगमगत्या कालखंडावरून संपूर्ण आयुष्याचे मूल्यमापन करण्यातील धोका स्पष्ट करता येईल.

४.२ प्रास्ताविक

विद्यार्थी मित्रहो, चरित्र वाचताना आपले लक्ष घटनांकडे असते. व्यक्तीला लावलेल्या विशेषणांपाशी आपण क्वचितच थांबतो. ‘हौशी क्रिकेटपटू’ हे असेच एक विशेषण आहे. मराठीत ‘हौशी’ म्हटले की आपल्याला हौशी रंगभूमी आठवते. दिवसभर नोकरी करून संध्याकाळी तालमीला जाणारा, पदरमोड करणारा कलावंत डोळ्यांसमोर येतो. एकोणिसाव्या शतकातील इंग्लंडमध्ये मात्र या शब्दाने आवड किंवा कौशल्य यापेक्षा सामाजिक दर्जा दाखवला जात असे. इंग्रज सेनाधिकारी रॉबर्ट माँटॅग्यू पूअर (१८६६–१९३८) यांच्या आयुष्याच्या आधारे हा फरक आपण समजून घेऊ.

४.३ जीवनरेखा

पूअर यांचा जन्म डब्लिन येथे झाला. ते सातव्या हुसार्स या घोडदळाच्या रेजिमेंटमध्ये अधिकारी होते. लहानपणापासून क्रिकेटचे पद्धतशीर शिक्षण त्यांना मिळाले नव्हते. सैन्यात दाखल झाल्यावर पुस्तके वाचून त्यांनी फलंदाजीचे तंत्र आत्मसात केले, असे त्यांच्याविषयी सांगितले जाते.

त्यांच्या खेळाला खरा बहर आला तो मुंबई इलाख्यात. १८९० ते १८९५ या काळात लॉर्ड हॅरिस हे मुंबईचे गव्हर्नर होते. हॅरिस स्वतः इंग्लंडच्या संघाचे माजी कर्णधार होते. पूअर यांनी त्यांचे एडीसी म्हणून काम केले आणि युरोपियन संघाकडून पारशी संघाविरुद्धचे सामनेही ते खेळले. पुढे ते दक्षिण आफ्रिकेत गेले. १८९६ मध्ये इंग्लंडचा संघ तेथे दौऱ्यावर होता, तेव्हा पूअर यजमानांच्या बाजूने तीन कसोटी सामने खेळले. त्यात त्यांच्या एकूण ७६ धावा झाल्या.

त्यांचे नाव टिकून राहिले ते १८९९ च्या इंग्लिश मोसमामुळे. हॅम्पशायर कौंटीकडून खेळताना १२ जून ते १२ ऑगस्ट या दोन महिन्यांत त्यांनी १,३९९ धावा काढल्या. टाँटन येथे सॉमरसेटविरुद्ध ३०४ धावांची खेळी करताना त्यांनी कॅप्टन विनयार्ड यांच्यासह सहाव्या गड्यासाठी ४११ धावांची भागीदारी केली. संपूर्ण मोसमात त्यांची सरासरी ९१.२३ होती. हा उच्चांक १९३० मध्ये डॉन ब्रॅडमन यांनी मोडला. त्याच उन्हाळ्यात पूअर यांनी पोलो आणि लष्करी शस्त्रस्पर्धांतही यश मिळवले.

४.४ ‘हौशी’ कोण?

आता १८९६ मधील त्या कसोटी सामन्यांकडे पुन्हा पाहू. दक्षिण आफ्रिकेच्या फलंदाजांना, म्हणजे पूअर यांनाही, इंग्लंडच्या जॉर्ज लोहमन या गोलंदाजाला तोंड द्यावे लागले. लोहमन यांनी तीन सामन्यांत ३५ गडी बाद केले. ते ‘व्यावसायिक’ होते. म्हणजे खेळाच्या मजुरीवर जगणारे. त्याच वर्षी ऑगस्टमध्ये ओव्हल मैदानावरील कसोटीसाठी पाच व्यावसायिक खेळाडूंनी दहाऐवजी वीस पौंड मागितले. मागणी मान्य झाली नाही. तिघांनी माघार घेतली. लोहमन आणि विल्यम गन तो सामना खेळले नाहीत. १९०१ मध्ये, वयाच्या अवघ्या ३६ व्या वर्षी, क्षयाने लोहमन यांचे दक्षिण आफ्रिकेतच निधन झाले.

उलटपक्षी, ‘हौशी’ म्हणून ओळखल्या जाणाऱ्या डब्ल्यू. जी. ग्रेस यांच्यासाठी १८९५ मध्ये जमवलेला गौरवनिधी नऊ हजार पौंडांहून अधिक होता. यावरून एक गोष्ट लक्षात येते. पैसा मिळतो की नाही, एवढ्यावर ही विभागणी उभी नव्हती. मैदानावर कोणत्या दाराने उतरायचे, धावफलकावर नाव कशा पद्धतीने छापायचे, हेही या दर्जावरून ठरत असे. पूअर यांच्यासारख्या अधिकाऱ्याला लष्करी हुद्दा होता, पगार होता आणि खेळासाठी लागणारी मोकळीक मिळू शकत होती. त्यांच्या खेळाचा खर्च अन्य कोणत्या तरी व्यवस्थेने उचललेला होता. इंग्लिश क्रिकेटमधील हा भेद १९६२ च्या अखेरीस रद्द झाला.

पूअर यांचे कौशल्य यामुळे कमी ठरत नाही. ३०४ धावा कोणाच्याही हुद्द्यामुळे होत नाहीत. परंतु ‘हौशी’ हे विशेषण निव्वळ प्रशंसा म्हणून वापरणारा चरित्रकार लोहमन यांच्यावर नकळत अन्याय करतो.

४.५ साधनांचे तीन आवाज

१८९९ च्या ऑक्टोबरमध्ये बोअर युद्ध सुरू झाले. पूअर दक्षिण आफ्रिकेत प्रोव्होस्ट मार्शल, म्हणजे लष्करी पोलिसांचे प्रमुख झाले. सैन्यातील शिस्त आणि कैदी यांची जबाबदारी या पदाकडे असते. कैदी बोअरांना ठार मारल्याबद्दल लेफ्टनंट हॅरी मोरँट आणि पीटर हँडकॉक यांना २७ फेब्रुवारी १९०२ रोजी प्रिटोरियात गोळ्या घालण्यात आल्या. वरिष्ठांनी नेमके कोणते आदेश दिले होते, हा वाद आजही मिटलेला नाही. त्या वादात इतिहासकार पूअर यांच्या दैनंदिनीचा आधार घेतात.

म्हणजेच एका व्यक्तीविषयी तीन साधने आपल्यासमोर आहेत. धावफलक पराक्रम सांगतो, पण परिस्थिती सांगत नाही. पदनाम अधिकार सांगते, पण मनातले सांगत नाही. दैनंदिनी त्या दिवसाचे ऐकलेले-पाहिलेले टिपते. मात्र ती लिहिणारा स्वतःही त्या यंत्रणेचा भाग असतो. क्रीडाविषयक लेखनात पूअर दोन महिन्यांचे नायक ठरतात. युद्धाच्या इतिहासात ते एक साक्षीदार असतात. चरित्रकाराने दोन्ही पाने शेजारी ठेवायला हवीत.

४.६ सारांश

विशेषणाला काळ असतो आणि समाजही असतो. भाषांतरित शब्द ओळखीचा वाटला, तरी मूळ समाजातील त्याचा उपयोग तपासल्याशिवाय तो चरित्रात वापरू नये. त्याचप्रमाणे, सर्वांत उजळ प्रसंग म्हणजे संपूर्ण आयुष्य नव्हे.

४.७ स्वयं-अध्ययनासाठी प्रश्न

१. मराठीतील ‘हौशी’ आणि व्हिक्टोरियन इंग्लंडमधील ‘हौशी’ यांतील फरक लोहमन व ग्रेस यांच्या उदाहरणांनी स्पष्ट करा.
२. दैनंदिनी हे साधन चरित्रकाराला उपयुक्त, तरीही अपुरे का ठरते?
३. आपण वाचलेल्या एखाद्या मराठी चरित्रातील नायकाला लावलेले एक विशेषण निवडा. त्यामागील सामाजिक परिस्थिती दहा-बारा ओळींत मांडा.