ऑइलचा लाल दिवा लागला तर: सेन्सर बदलायच्या आधी काय तपासायचं



१ जून ते ३१ जुलै, म्हणजे बंदीच्या ६१ दिवसांत, होड्यांबरोबर आपल्या गाड्यांचीही कामं निघतात. आपल्या बऱ्याच घरांत मासळीच्या फेरीसाठी जुनी गाडी आहे. कुणाची ओम्नी, कुणाचा छोटा डिझेल टेम्पो, कुणाचा पिकअप. पहाटे जेटीवर भरायची आणि चोर्ला घाट चढून बेळगाव गाठायचं. बर्फाचं खारट पाणी रात्रंदिवस गाडीत गळतं, वायरी गंजतात, आणि एक दिवस डॅशबोर्डावर तेलाच्या झारीचं चित्र असलेला लाल दिवा पेटतो.

अशा वेळी आपल्याकडे दोन सवयी आहेत. एक, "सेन्सर गेला असेल" म्हणून गाडी तशीच हाणायची. दुसरी, दिवा डोळ्यांना नको म्हणून सेन्सरची वायरच काढून ठेवायची. सेन्सर काही शे रुपयांत येतो. क्रँक आणि बेअरिंगचं काम निघालं तर अख्ख्या हंगामाची कमाई त्यात जाऊ शकते. म्हणून आजचा धडा याच विषयावर.

दिवा नेमकं काय सांगतो

हा दिवा तेल किती आहे ते सांगत नाही. तेल दाबानं फिरतंय की नाही, एवढंच सांगतो. इंजिन चालू असताना क्रँक आणि बेअरिंग यांच्यामध्ये तेलाचा पातळ थर असतो. पंपाचा दाब त्या जागी सतत तेल पुरवतो, त्यामुळे लोखंडाला लोखंड लागत नाही. दाब गेला की थर जातो, आणि भार असलेलं इंजिन एक-दोन मिनिटांतही बेअरिंग खाऊ शकतं.

जुन्या गाड्यांत ज्याला आपण सेन्सर म्हणतो तो खरं तर एक साधा स्विच असतो. आत एक पडदा आणि एक कॉन्टॅक्ट. दाब नसला की कॉन्टॅक्ट इंजिनच्या अर्थला चिकटतो आणि दिवा लागतो. दाब आला की पडदा ढकलला जातो, कॉन्टॅक्ट सुटतो, दिवा विझतो. हे साधारण ०.३ ते ०.५ बारला होतं, गाडीनुसार थोडं कमी-जास्त.

आता हा आकडा नीट बघा. गरम इंजिनला पळताना दोन-तीन बार किंवा जास्त दाब लागतो. म्हणजे दिवा लागतो तेव्हा दाब जवळजवळ संपलेला असतो. हा दिवा आधीची सूचना नाही, शेवटची आहे. आणि उलट, दिवा विझलेला आहे म्हणून दाब भरपूर आहे असंही समजू नका. भरलेली गाडी घाटात ०.८ बारवर चढत असेल तरी दिवा गप्पच राहील.

दिवा लागला की पहिलं काम

गाडी बाजूला घ्या, इंजिन बंद करा. मासळी उतरेपर्यंत चालवू, पुढच्या वळणावर थांबू, असं नको. सपाट जागेवर पाच-दहा मिनिटं थांबून डिपस्टिक काढा, पुसा, परत घालून बघा.

- तेल खालच्या खुणेच्या खाली असेल तर त्याच ग्रेडचं तेल घालून खुणेवर आणा. मग इंजिन चालू करून दिवा दोन-तीन सेकंदांत विझतो का बघा. विझला तर तेल कुठे गेलं ते शोधायचं काम बाकी आहे, हे विसरू नका.
- तेल वरच्या खुणेच्याही वर गेलंय आणि डिझेलचा किंवा पेट्रोलचा वास येतोय? इंधन तेलात मिसळतंय. तेल पातळ झालं की दाब पडतो. इंजिन चालू करू नका.
- तेल दुधाच्या चहासारखं दिसतंय? पाणी शिरलंय. इथेही इंजिन चालू करायचं नाही.
- इंजिनातून टकटक, खडखड येत होती? मग सेन्सरचा विचारच सोडा. गाडी टोचन करून न्या.

डिझेल इंजिनचं तेल काळं असतं, त्यावरून घाबरू नका. वास आणि पातळी बघा.

दिवा कधी लागतो, त्यावरून अंदाज

चावी ऑन केली आणि इंजिन बंद आहे, तेव्हा दिवा लागलाच पाहिजे. लागत नसेल तर बल्ब उडालाय, वायर तुटलीय किंवा स्विच आतून सुटलाय. ही सगळ्यांत धोक्याची स्थिती, कारण उद्या दाब गेला तरी कळणार नाही. जुनी गाडी विकत घेताना हे आधी बघा. कुणीतरी वायर काढून ठेवलेली असू शकते.

वळणावर, ब्रेक मारताना किंवा चढावर लुकलुकतो: बहुतेक तेल कमी आहे. तेल एका बाजूला सरकतं आणि पंप हवा ओढतो.

खड्ड्यात गेल्यावर कसाही लागतो-विझतो: वायर सैल आहे किंवा कुठेतरी घासून अर्थ होतेय.

गाडी गरम झाल्यावर फक्त आयडलला लुकलुकतो, जरा रेस दिली की विझतो: इथेच जास्त लोक फसतात. तेल पातळ झालेलं असेल, बेअरिंग किंवा पंप झिजला असेल, चेंबरमधली जाळी चिखलानं भरली असेल, किंवा खरंच स्विच खराब असेल. यातलं कुठलं, ते गेज लावल्याशिवाय सांगता येत नाही.

वायर आणि स्विच तपासणं

आधी एक सूचना. ही तपासणी एक वायर असलेल्या जुन्या स्विचसाठी आहे. नव्या गाड्यांत तीन वायरींचा सेन्सर येतो आणि तो कॉम्प्युटरला जोडलेला असतो. त्याच्या वायरी बॉडीला लावून बघू नका.

स्विच बहुतेक ऑइल फिल्टरच्या आसपास ब्लॉकवर असतो. ओम्नीचं इंजिन पुढच्या सीटखाली आहे, तेव्हा सीट उचलून शोधा.

१. इंजिन बंद, चावी ऑन. दिवा लागलेला आहे. स्विचवरची वायर काढा. दिवा विझला पाहिजे. विझत नसेल तर स्विच निर्दोष आहे, वायर वाटेत कुठेतरी बॉडीला लागलीय.

२. तीच वायर इंजिनच्या स्वच्छ लोखंडाला टेकवा. दिवा लागला पाहिजे. लागत नसेल तर बल्ब, फ्यूज किंवा वायर बघा.

३. वायर काढलेली ठेवून मल्टिमीटर ओहमवर घ्या. एक टोक स्विचच्या पिनला, दुसरं ब्लॉकला. इंजिन बंद असताना जवळजवळ शून्य दाखवलं पाहिजे. शून्याऐवजी सर्किट उघडं दाखवलं तर स्विच गेलेला आहे, बदला.

४. वायरीच्या टोपणात तेल भरलंय का बघा. पडदा फाटला की तेल पिनमधून बाहेर येतं. असा स्विच लगेच बदलायचा, कारण तिथून तेल गळत राहील.

इंजिन चालू केल्यावरही मीटर शून्यच दाखवत असेल तर? तर दोन शक्यता आहेत. स्विच आत चिकटलाय, किंवा खरंच दाब नाही. मीटरला या दोन्हींतला फरक कळत नाही. म्हणून पुढची पायरी गाळायची नाही.

गेज लावून खात्री

स्विच काढून त्याच भोकात यांत्रिक ऑइल गेज लावतात. ०ते ७ बारचं, म्हणजे १०० पीएसआयपर्यंतचं गेज पुरतं. चांगल्या डिझेल गॅरेजात ते असतं. मेकॅनिकला स्पष्ट सांगा, "आधी गेज लाव, मग सेन्सरचं बोलू."

इंजिन चालू केल्यावर काही सेकंदांत काटा उठला पाहिजे. नाही उठला तर लगेच बंद. उठला तर इंजिन पूर्ण गरम होऊ द्या, कारण थंड तेल घट्ट असतं आणि खोटा दिलासा देतं. गरम झाल्यावर आयडलला आणि रेस देऊन, असे दोन आकडे लिहून घ्या. खरा आकडा गाडीच्या मॅन्युअलमधला. तो नसेल तर जुने मेकॅनिक ढोबळ हिशेब धरतात: दर १००० आरपीएमला १० पीएसआय, म्हणजे साधारण ०.७ बार.

गेजवर दाब नीट आहे आणि तरी दिवा लागत होता, तर स्विच खराब. बदला आणि निर्धास्त व्हा. गेजवरही दाब पडलेला आहे, तर स्विच खरं बोलत होता. त्याच्या जागी दहा नवीन लावले तरी तेच सांगतील. मग तेल, फिल्टर, जाळी, पंप, बेअरिंग या क्रमानं बघायचं. स्वस्त कामं आधी.

स्विच बदलताना

- इंजिन थंड हवं. बॅटरीची निगेटिव्ह वायर काढा.
- आजूबाजूची जागा ब्रशनं साफ करून कोरडी पुसा. भोकातून वाळू-माती आत गेली तर थेट तेलाच्या वाटेत जाते.
- टोपण धरून काढा, वायर ओढू नका. स्विच खोल गोटी पान्यानं सोडा. पक्कड आणि छिन्नी लांब ठेवा.
- जुना स्विच दुकानात घेऊन जा. आटे, पिनचा प्रकार आणि दाबाचा आकडा जुळवा. बऱ्याच स्विचांवर हा आकडा कोरलेला असतो. आटे दिसायला सारखे असले तरी फसवतात: १/८ एनपीटीला इंचाला २७ आटे आणि १/८ बीएसपीला २८. दोन-तीन फेरे जातो आणि मग अडकतो. जोर लावला तर ब्लॉकचे आटे जातात.
- टेफलॉन टेप गुंडाळू नका. एक वायरीच्या स्विचला अर्थ आट्यांतूनच मिळतो, टेपमुळे तो तुटू शकतो. शिवाय टेपचा तुकडा तेलात जाऊ शकतो. नवीन स्विचला आधीच सीलंट किंवा वॉशर असेल तर दुसरं काही लागत नाही. नसेल तर थोडं द्रव थ्रेड सीलंट लावा, टोकाचे पहिले दोन आटे मोकळे ठेवून.
- आधी हातानं फिरवा. नंतर पान्यानं बेताचं आवळा. निमुळत्या आट्यांना जास्त जोर दिला तर ॲल्युमिनियमचं हाउसिंग तडकतं.
- सांडलेलं तेल पुसा, विशेषतः सायलेन्सरच्या पाइपावरचं. गरम पाइपावर तेल पेट घेऊ शकतं.

नंतर चावी ऑन: दिवा लागतो. इंजिन चालू: विझतो. दहा मिनिटं चालवून गळती बघा, डिपस्टिक बघा, दुसऱ्या दिवशी परत एकदा बघा. टोपणाच्या तोंडाशी थोडं सिलिकॉन ग्रीस लावा, खाऱ्या पाण्यापासून पिन वाचते. मासळीची गाडी धुताना पाण्याची जोरदार धार तिथे मारू नका.

होडीच्या इंजिनाबद्दल

हाच नियम होडीलाही. फरक एवढाच की होडीवर बहुधा दोन वस्तू असतात: बझरसाठी स्विच आणि काट्यासाठी सेंडर. सेंडर ओहम बदलून दाब सांगतो. एका प्रकारात शून्य दाबाला साधारण १० ओहम आणि पूर्ण दाबाला १८० असतात. दुसऱ्यात शून्याला २४० आणि पूर्ण दाबाला ३३. एकाचा सेंडर दुसऱ्याच्या गेजला लावला तर काटा उलटा चालतो. दाब गेला की काटा वर चढतो आणि तांडेल निश्चिंत राहतो. म्हणून सेंडर घेताना गेजचा प्रकार दुकानदाराला सांगा. लाकडी आणि फायबरच्या होडीत अर्थ इंजिनपासून बॅटरीपर्यंतच्या केबलवर असतो. ती केबल गंजली तर दिवा, काटा, बझर सगळंच खोटं बोलतं.

बझर त्रास देतो म्हणून त्याची वायर काढलेली असेल तर बंदी उठायच्या आधी जोडून घ्या. गाडी घाटात बंद पडली तर माणूस उतरून उभा राहतो. आग्वादच्या बारवर लाटांत इंजिन जाम झालं तर उतरायला जागा नाही. दर्यात बझर वाजला आणि पाणी मोकळं असेल तर न्यूट्रल करा, इंजिन बंद करा, नांगर टाका, जवळच्या होडीला कळवा. पण बारवर किंवा खडकाजवळ असाल तर आधी होडी सुरक्षित पाण्यात काढा, इंजिन गेलं तर गेलं. खलाशी आधी, इंजिन नंतर.

घरी जाऊन आजच करायचं

चावी ऑन करून दिवा लागतो का बघा. डिपस्टिक बघा. वायरीचं टोपण काढून गंज आणि तेल बघा. या तिन्ही कामांना पैसे लागत नाहीत. घरात गाडी जो कुणी चालवतो, मुलगा असो, सून असो की भाड्याचा ड्रायव्हर, त्याला एवढं सांगून ठेवा: लाल झारी दिसली की इंजिन बंद, मग फोन.

आपली संस्था, आपली गाडी, आपला दर्या. काळजी घ्या.