मानेवरची गाठ लपवू नका
(लसिका ग्रंथींची सूज : कारणे, लक्षणे व उपचार)



शिगम्यात अनवाणी नाचताना पायाला खडा लागतो. जखम चिघळते आणि दोन दिवसांनी जांघेत दुखरी गाठ येते. आजी लगेच सांगते, ‘अवधाण आलं.’ जखम पायाला, मग गाठ जांघेत का? याचे उत्तर समजले की आजचा पाठ समजला.

लसिका ग्रंथी म्हणजे काय?

रक्तवाहिन्यांप्रमाणेच शरीरात लसिकावाहिन्यांचे जाळे असते. त्यांतून लसिका नावाचा पातळ द्रव वाहतो. या वाटेवर घेवड्याच्या दाण्यासारख्या सुमारे ६०० छोट्या ग्रंथी असतात. पत्रादेवीच्या नाक्यावर जशी वाहने तपासली जातात, तशी येथे लसिका गाळली जाते. रोगजंतू आले की ग्रंथीतील पांढऱ्या पेशी वाढतात, त्यांच्याशी झुंजतात, म्हणून ग्रंथी सुजते. पायाची लसिका जांघेतून जाते, म्हणून अवधाण जांघेत येते. गाठ हा बहुधा स्वतंत्र रोग नसतो. मूळ दुखणे दुसरीकडे असते, ते शोधावे लागते.

कारणे

मुलांमध्ये सर्दी, घसा दुखणे, टॉन्सिल, किडलेला दात, कानाचे दुखणे यांमुळे जबड्याखाली व मानेवर गाठी येतात. डोक्यात उवा होऊन खाजवल्याने जखमा झाल्या, तर मानेच्या मागे गाठी लागतात. हाताच्या जखमेमुळे काखेत गाठ येते. बी.सी.जी. लस डाव्या दंडावर देतात, म्हणून काही तान्ह्या बाळांच्या डाव्या काखेत लहान गाठ दिसते.

क्षयरोग हेही महत्त्वाचे कारण आहे. फुफ्फुसांबाहेरच्या क्षयाचा आपल्या देशात सर्वाधिक आढळणारा प्रकार ग्रंथींचाच आहे. जुने लोक त्याला ‘गंडमाळा’ म्हणत. क्वचित रक्ताचा किंवा ग्रंथींचा कर्करोगही असू शकतो. गालगुंडात मात्र लाळेच्या ग्रंथी सुजतात, लसिका ग्रंथी नव्हेत.

लक्षणे

साध्या संसर्गाची गाठ लवकर येते, दुखते, हाताला मऊ लागते आणि आजार बरा झाला की हळूहळू उतरते. क्षयाची गाठ उलट वागते. ती सावकाश वाढते व बहुधा दुखत नाही. शेजारच्या गाठी एकमेकींना चिकटतात, पुढे फुटून वाहूही लागतात. खोकला किंवा ताप असेलच असे नाही. दुखत नाही म्हणून घरचे दुर्लक्ष करतात आणि तेथेच चूक होते.

पुढीलपैकी काही दिसल्यास डॉक्टरांना दाखवावे :
१) दोन आठवड्यांत न उतरणारी किंवा वाढत जाणारी गाठ
२) गळपट्टीच्या हाडावरची कोणतीही गाठ
३) कडक, न हलणारी गाठ
४) सोबत संध्याकाळचा ताप, रात्रीचा घाम, वजन घटणे
गाठ लाल व गरम झाली, ताप चढला किंवा गिळायला, श्वास घ्यायला त्रास होऊ लागला, तर त्याच दिवशी दाखवावे.

उपचार

विषाणूंमुळे आलेली गाठ विश्रांतीने उतरते. कोमट पाण्याचा शेक चालतो. जिवाणूंचा संसर्ग असल्यास डॉक्टर प्रतिजैविके देतात, ती सांगितलेले सर्व दिवस घ्यावीत. पू झाल्यास डॉक्टरच तो काढतात. गाठ चोळू नये, दाबू नये, डाग देऊ नये. क्षयाची शंका आल्यास बारीक सुईने गाठीतील नमुना घेऊन तपासतात.

क्षयावर साधारण सहा महिने रोज औषध घ्यावे लागते. सरकारी केंद्रांत तपासणी व औषध मोफत मिळते. पेडणे व डिचोली तालुक्यांतील आरोग्य केंद्रांत चौकशी करावी. पुढील तपासणीसाठी म्हापशाचे जिल्हा रुग्णालय व बांबोळीचे गोवा वैद्यकीय महाविद्यालय आहे. उपचार चालू असताना कधीकधी गाठ थोडी मोठी होते. घाबरून औषध बंद करू नये, डॉक्टरांना सांगावे. अर्धवट सोडलेल्या औषधाने जंतू चिवट होतात.

पालक व विश्वस्त यांना विनंती

‘मुलगी आहे, लोक काय म्हणतील, उद्या लग्न कसे जमेल’ म्हणून ओढणीखाली गाठ झाकली जाते. यात मुलीचेच नुकसान होते. केवळ ग्रंथींचा क्षय असेल, फुफ्फुसांत नसेल, तर तो शेजारी बसल्याने लागत नाही. तेव्हा अशा मुलाला वेगळे बसवू नये, त्याचे नाव सभेत घेऊ नये. औषधासाठी पडलेले खाडे त्याच्यावर धरू नयेत. एवढे आपण केले, तर कोणालाही गाठ लपवावी लागणार नाही.

स्वाध्याय

१) पायाच्या जखमेने जांघेत गाठ का येते?
२) न दुखणाऱ्या गाठीकडे दुर्लक्ष का करू नये?
३) घरातील वडीलधाऱ्यांना अवधाण व गंडमाळा यांविषयी विचारा आणि त्यांनी सांगितलेला कोणता उपाय आज करू नये, ते कारणासह लिहा.