वेरोनिकाची फुले

युद्ध संपले आहे. मॉस्कोच्या रेल्वे स्टेशनवर सैनिकांची गाडी येते. पांढऱ्या पोशाखातली एक तरुणी फुलांचा गुच्छ घेऊन गर्दीत बोरिसला शोधत आहे. बोरिस लढाईत मारला गेला, हे त्याचा मित्र तिला सांगतो. ती रडू लागते. मग समोर येईल त्याला ती एकेक फूल देत जाते.

हा प्रसंग 'क्रौंच पक्षी उडत आहेत' या १९५७ सालच्या रशियन चित्रपटातला आहे. त्याचे दिग्दर्शक मिखाईल कालातोझोव्ह. वेरोनिकाची ही भूमिका तात्याना सामोयलोवा यांनी केली. त्यांचा जन्म ४ मे १९३४ रोजी लेनिनग्राड येथे झाला. वडील येव्गेनी हेही नामवंत नट होते.

वेरोनिका काही आदर्श नायिका नाही. बोरिस रणांगणावर असताना ती दुसऱ्याशी लग्न करते आणि मनातून खचते. तात्याना यांनी तिची चूक लपवली नाही की तिच्यासाठी दया मागितली नाही. म्हणून तर ती आपल्याला ओळखीची वाटते! १९५८ साली फ्रान्समधील कान महोत्सवात या चित्रपटाला सर्वोच्च पुरस्कार मिळाला. तात्याना यांच्या अभिनयाचाही तेथे खास गौरव झाला.

१९६७ साली त्यांनी आना कारेनिनाची भूमिका केली. पुढे मात्र मोठ्या भूमिका फारशा आल्या नाहीत. अनेक वर्षे त्या पडद्यापासून दूरच राहिल्या. उतारवयात 'मॉस्को सागा' (२००४) या दूरचित्रवाणी मालिकेत त्या पुन्हा दिसल्या. ४ मे २०१४ रोजी, ऐंशीव्या वाढदिवशीच, मॉस्कोत त्यांचे निधन झाले.