लाल होईपर्यंत तापवू नये

चिरंजीव भाच्यास मामाचे अनेक उत्तम आशीर्वाद.

पत्रास कारण की, डेन्व्हर मुक्कामी चिरंजीवाच्या घरी गांजाचा अर्क ओढण्याचे काचेचे उपकरण आहे, त्यावरील क्वार्ट्झची नेल ब्युटेनच्या ज्योतीच्या टॉर्चने लालभडक होईपर्यंत तापवली जाते आणि त्यात एकदा हातही भाजला आहे, अशी वार्ता सांगलीस येऊन पोचली असून, ती आणणाऱ्याने पुराव्यादाखल एक छायाचित्रही दाखवले आहे. वार्ता खरी की तिखटमीठ लावलेली, याचा निवाडा येथे करावयाचा नाही. परंतु ज्या माणसाची उभी नोकरी विद्यापीठाच्या रसायनशास्त्र विभागात क्वार्ट्झच्या नळ्या वितळवण्यात आणि जोडण्यात गेली, त्याला त्या छायाचित्रातून जे वाचता येते ते वार्ता आणणाऱ्याला वाचता आलेले नाही. नेलचा तळ पांढुरका आणि अपारदर्शक झाला आहे, काठाशी तपकिरी कड जमली आहे, टॉर्च टेबलावर आडवा पडला आहे आणि त्याच्या तोंडापासून वीतभर अंतरावर खिडकीचा पडदा लोंबतो आहे. अक्काला, म्हणजे चिरंजीवाच्या आईला, यातील अक्षरही सांगितलेले नाही.

नेल म्हणजे अर्काचा कण ज्यावर ठेवून त्याची वाफ करतात ती लहानशी वाटी. ती पूर्वी बहुधा टायटॅनियमची असे, आता बहुतेक ठिकाणी क्वार्ट्झची असते, आणि वाटीला आडवी दांडी असलेल्या प्रकारास बँगर म्हणतात. येथे क्वार्ट्झ म्हणजे स्फटिक नव्हे, तर नैसर्गिक स्फटिक सुमारे २,००० अंश सेल्सिअसला वितळवून केलेली, जवळजवळ शुद्ध सिलिकेची काच होय. तापमान १ अंशाने वाढले असता ही काच लांबीच्या दशलक्षांश भागांपैकी सुमारे अर्धा भाग वाढते, प्रयोगशाळेतील बोरोसिलिकेट काच सव्वातीन भाग वाढते आणि खिडकीची साधी काच नऊ भागांच्या आसपास वाढते. म्हणूनच तापलेली क्वार्ट्झ पाण्यात बुडवली तरी तडकत नाही, आणि याच गुणामुळे तिच्याविषयी फाजील विश्वास निर्माण होतो. नेल ज्या सांध्यात बसते तो सांधा, म्हणजे एकमेकांत घट्ट बसावीत म्हणून घासून खडबडीत केलेली दोन तोंडे, बहुधा १४ मिलिमीटरचा असतो, आणि त्यातील खालचे तोंड बोरोसिलिकेटचे असते. ज्योत सांध्याकडे गेली की बाहेरचे तोंड रुंदावते, क्वार्ट्झचे टोक किंचित खाली सरकते, आणि थंड होताना बाहेरची काच त्याभोवती आवळते. मग नेल निघत नाही, जोर लावला तर फुटते ती मात्र खालची काच. हात अशाच वेळी कापतात.

आता लालीविषयी. लोखंडाचा तुकडा सुमारे ५२५ अंशांपासून अंधारात मंद लाल दिसू लागतो, परंतु किर्खहोफच्या नियमानुसार जी वस्तू प्रकाश शोषत नाही ती तापल्यावर तो प्रकाश फारसा टाकतही नाही, आणि क्वार्ट्झ तर पारदर्शक; तेव्हा क्वार्ट्झ लाल दिसू लागते त्या क्षणी ती तेवढ्याच लालीच्या लोखंडापेक्षा पुष्कळ अधिक तापलेली असते. लाली हे तयार झाल्याचे चिन्ह नसून मर्यादा केव्हाच ओलांडल्याचे चिन्ह आहे. अर्काची वाफ होण्यास सुमारे २०० ते २७० अंश पुरतात, आणि त्या तापमानाला क्वार्ट्झवर डोळ्यांना काहीही दिसत नाही. त्यामुळे डोळ्यांवर विसंबणे हाच मूळ दोष ठरतो. त्याऐवजी अवरक्त किरणांवरून तापमान सांगणारा हाततापमापक वापरावा, किंवा थंड नेलमध्ये कण ठेवून, वर झाकणी घालून, ज्योत दुरून आणि फिरती ठेवत तो बुडबुडू लागेपर्यंतच तापवावे. ही काच उष्णता फार हळू पसरू देते, म्हणून ज्योत एका जागी धरल्यास तळाचा एक ठिपका जळतो आणि भिंती थंडच राहतात; ज्योत तळाभोवती आणि भिंतींवर सारखी फिरती राहिली पाहिजे.

चिरंजीवाचे येथील वर्तन चांगलीच बोलणी खाण्यासारखे आहे. ज्याने अभियांत्रिकीची पदवी घेतली, ज्याला उष्णतावहनाच्या विषयात उत्तम गुण मिळाले, त्याने मित्र करतात म्हणून टॉर्चचा नळ पूर्ण सोडून लाल रंगाची वाट पाहत बसावे, याला अडाणीपणा म्हणता येत नाही, कारण अडाण्यास निदान ठाऊक नसते. ओरेगन राज्यातील पोर्टलंड स्टेट विद्यापीठाच्या रसायनशास्त्रज्ञांनी २०१७ साली प्रसिद्ध केलेल्या संशोधनात असे दिसले, की अर्काला वास देणारी टेरपीन नावाची तेलकट द्रव्ये, म्हणजे लिंबाच्या सालीत असते ते लिमोनीन किंवा मिरसीन यांसारखी, अतिशय तापलेल्या पृष्ठभागावर पडली की त्यांतून डोळे व घसा झोंबवणारे मेथॅक्रोलीन आणि रक्ताच्या कर्करोगाशी संबंध सिद्ध झालेले बेन्झीन तयार होते, आणि तापमान चढते तसे त्यांचे प्रमाणही चढते. म्हणजे लाल नेलवर कण टाकणारा ज्यासाठी पैसे मोजतो ते जाळून टाकतो आणि ज्यासाठी कोणी पैसे मोजणार नाही ते छातीत भरून घेतो. इंग्रज सरकारच्या १८९३-९४ च्या हेम्प ड्रग्ज कमिशनने भांग-गांजाच्या माफक सेवनाने सहसा मोठा अपाय होत नाही असा निष्कर्ष काढला होता, आणि हा दाखला चिरंजीव देईल हे अपेक्षितच आहे. परंतु त्या कमिशनपुढे भांग, गांजा व चरस होते, ज्यात टीएचसी हे मुख्य मादक द्रव्य शेकडा ६० च्याही वर असते असा आजचा अर्क नव्हता.

नेलची निगा ही मुख्यतः स्वच्छतेची गोष्ट आहे, आणि छायाचित्रातील पांढुरका तळ हा निगा न राखल्याचाच परिणाम आहे. अशा पांढरेपणास काचेचे स्फटिकीभवन म्हणतात: फार तापलेल्या क्वार्ट्झच्या पृष्ठभागावर क्रिस्टोबलाइट नावाचे बारीक स्फटिक वाढू लागतात, एरवी यास १,००० अंशांच्या वरचे तापमान लागते, पण सोडियमसारखे क्षार पृष्ठभागावर असतील तर ते याहून कमी तापमानाला आणि अधिक वेगाने घडते, आणि ब्युटेनच्या ज्योतीचा गाभा हजाराच्या बराच वर असतो. थंड होताना सुमारे २७० ते २०० अंशांच्या दरम्यान हे स्फटिक एकाएकी आकसतात, मूळ काच आकसत नाही, आणि पृष्ठभागावर जाळीसारख्या बारीक भेगा पडून कपच्या निघतात. क्षार कोठून येतात, तर बोटांच्या घामातून, नळाच्या पाण्यातून, आणि काचेच्या नळ्या घासण्यासाठी अल्कोहोलमध्ये जाडे मीठ घालण्याची जी पद्धत अशी उपकरणे वापरणाऱ्या मंडळींत आहे तिच्यातून. खालच्या उपकरणास ती चालेल, नेलला अजिबात नाही. प्रत्येक वापरानंतर नेल कोमट असतानाच कोरड्या कापसाच्या काडीने उरलेला अर्क टिपून घ्यावा, पूर्ण थंड झाल्यावर आयसोप्रोपिल अल्कोहोलमध्ये बुडवलेल्या काडीने पुसावी, शेवटी डिस्टिल्ड पाण्याने विसळून वाळू द्यावी आणि त्यानंतर उघड्या बोटांनी वाटीस हात लावू नये. गरम नेलवर अल्कोहोल कदापि नेऊ नये, कारण त्याची वाफ १२ अंशांच्या आसपासच पेट घेण्याजोगी होते, आणि शेजारी टॉर्च जळत असतो. तपकिरी कड अल्कोहोलमध्ये रात्रभर भिजवल्यास निघेल, पांढरेपणा मात्र कोणत्याही द्रवाने निघणार नाही. नवी नेल आधी अर्क जाळून मुरवावी लागते असे दुकानदार सांगतात. बिडाचा नवा तवा तेल लावून तयार करावा लागतो तसे क्वार्ट्झचे नाही, तिला स्वच्छ धुण्यापलीकडे काहीच लागत नाही.

मामाच्या खोकल्याची घरात थट्टा होते आणि मामा दाराशी आला की चहाचे आधण ठेवले जाते, हे चिरंजीवास ठाऊक आहे. खोकल्याचे कारण मात्र कधी सांगितले गेले नाही. क्वार्ट्झ ऑक्सिजन-हायड्रोजनच्या ज्योतीत वितळताना जो बारीक पांढरा धूर उठतो तो सिलिकेचा असतो, आणि हे त्या काळीही पुस्तकांत छापलेले होते. तो धूर ओढून घेणारा पंखा बाकाच्या वरच बसवलेला होता, परंतु पंखा लावला की ज्योत हलते, ज्योत हलली की सांधा तिरपा येतो, आणि सांधा तिरपा आला तर विभागात कारागिराचे नाव खाली जाते, एवढ्यासाठी तो वर्षानुवर्षे बंद ठेवण्यात आला. वयाने वडील असलेल्या एका सहकाऱ्याने टोकले, तेव्हा त्यांस उलट उत्तर मिळाले; तिशीच्या आतल्या माणसास छाती ही कायमची नवी वस्तू वाटते. तेव्हा हे पत्र वाचून चिरंजीवाच्या मनात जे उलट उत्तर येईल ते या घराण्यास नवे नाही.

कायद्याविषयी थोडक्यात. कोलोरॅडोने २०१२ साली मतदानाने २१ वर्षे व त्यावरील वयाच्या व्यक्तींस मोकळीक दिली आणि २०१४ च्या १ जानेवारीस दुकाने उघडली हे खरे, परंतु अमेरिकेच्या केंद्रीय कायद्याने ती मोकळीक मानलेली नाही, आणि तेथील नागरिकत्व खात्याने २०१९ च्या एप्रिलमध्ये स्पष्ट केले, की राज्याच्या कायद्यात बसणारे गांजाचे व्यवहारही नागरिकत्वाच्या अर्जास आड येऊ शकतात. व्हिसावर असलेल्या आणि ग्रीन कार्डच्या रांगेत उभ्या माणसाने असली छायाचित्रे काढून मित्रांस पाठवावीत, हे तर नेल लाल करण्याहून मोठे अविचाराचे काम आहे. भारतात येताना सामानात अर्काचा डाग लागलेली वाटीसुद्धा असू नये, कारण १९८५ च्या अमली पदार्थविरोधी कायद्यात चरसाच्या व्याख्येतच हशीश तेलाचा समावेश आहे. आणि ब्युटेन वापरून घरी अर्क काढण्याचा विचार कोणी मित्र सुचवील तर त्या मित्राचे घर त्याच दिवशी सोडावे: हा वायू हवेच्या दुप्पट जड असून जमिनीलगत पसरतो, आणि शेगडीची बारीकशी ज्योतही त्यास पुरते. आजीच्या हाताचे स्टोव्हच्या वेळी काय झाले ते घरातील प्रत्येकाने पाहिलेले आहे. टॉर्चजवळचा तो पडदा आजच बांधून घ्यावा.

इतके लिहून झाल्यावर हेही लिहिणे न्यायाचे आहे, की सुट्टीत काचशाळेत येऊन बसणारा आणि नळीच्या तुटलेल्या टोकाकडे पाहून क्वार्ट्झ कोणती नि बोरोसिलिकेट कोणती हे अचूक ओळखणारा आठ-नऊ वर्षांचा मुलगा मामाच्या ओळखीत एकच होता, आणि त्याच्या हाती आज क्वार्ट्झ आहे यात रागापेक्षा काळजीच अधिक आहे. दूरदेशी, कामाच्या घाईत, बर्फाच्या दिवसांत एकट्या माणसाला संध्याकाळ काढणे किती जड जात असेल याचा अंदाज सांगलीत बसून येत नाही असे नाही. चिरंजीवाने हे सारे सोडावे अशीच मामाची इच्छा आहे, ती लपवण्यात अर्थ नाही. परंतु सोडणे होईपर्यंतच्या काळात तरी हात, छाती आणि पडदा शाबूत राहावा. विजेच्या तारेवर तापणारी, तापमान आकड्याने ठरवता येणारी नेल बाजारात मिळते, तीत ज्योत लागत नाही आणि लाली दिसण्याचा प्रश्नच उरत नाही. पांढरी पडलेली नेल टाकून द्यावी, टॉर्च मित्रासही देऊ नये, आणि नव्या उपकरणाचे पैसे मामा पाठवील, त्याचा हिशेब कोणी विचारणार नाही.

अक्काच्या उजव्या डोळ्याची मोतीबिंदूची शस्त्रक्रिया पुढील महिन्यात ठरली आहे. त्या संध्याकाळी तिला चिरंजीवाचा आवाज ऐकू यावा, आणि रविवारी मामासही फोन यावा; भाजलेला हात कितपत बरा झाला, एवढेच विचारावयाचे आहे.

इति आशीर्वाद.